उरलेली खळ

पातेल्याच्या बुडाला एक पोचा होता आणि त्या पोच्यात सकाळचा उजेड रुपयाएवढा गोल होऊन बसला होता. जोतीराम त्याच्याकडे बघत उभा राहिला. एरवी हा पोचा दिसायचा नाही, कारण एरवी त्याच्यावर कालची खळ असायची – पुस्तकांच्या पाठींना लावून उरलेली मैद्याची खळ, रात्रीतून वर साय धरलेली, आंबूस वासाची. ती गटारात उपडी करायची, काथ्यानं पातेलं घासायचं आणि नवी खळ स्टोव्हवर चढवायची, हा बाइंडिंगखान्यातला त्याचा रोजचा पहिला उद्योग. आज तो उद्योग कुणीतरी उरकून ठेवला होता, आणि तोही नुसता विसळून नव्हे. राखेनं, कडेकडेनं, काठाच्या दुमडीत बोट घालून. असं भांडं घासणारी बाई त्याच्या माहितीत एकच होती. आईनं घासलं, त्याला वाटलं. म्हातारीला रिकामं बसवत नाही. बरं झालं, आपलं तेवढंच एक काम वाचलं... आणि इथपर्यंत त्याला खरोखरच बरं वाटत होतं.

मग खळ कुठं गेली?

कारण इकडचं जग तिकडं झालं तरी त्याची आई बजाबाई शिजलेलं पीठ गटारात ओतणार नाही. माढ्याकडच्या घरी काठवटीला चिकटलेलं पीठसुद्धा ती पाण्यानं धुऊन घ्यायची आणि ते पाणी म्हशीपुढं ठेवायची. लग्नाच्या पंगतीत कुणी पानात टाकून उठलं तर हिचंच काही सांडल्यासारखी कळवळायची. आता म्हैस नव्हती. बैल नव्हते. गेल्या पावसाळ्यात पेरलेलं वीतभर उगवलं आणि वीतभरच वाळलं, आणि त्यानंतर घरातली माणसं जिकडं पोट भरेल तिकडं पांगली – बायको विजयमाला दोन्ही पोरांना घेऊन गावाजवळच्या दुष्काळी कामावर खडी फोडायला, जोतीराम सोलापुरात बाइंडिंगवाल्या ईश्वरप्पांच्याकडं छापील कागदांच्या घड्या मारायला, आणि गावच्या विहिरीनं तळ दाखवला तेव्हा आई त्याच्यामागून इकडं, बाइंडिंगखान्यामागच्या खोलीत. रेशनवर मिलो मिळत होता, अमेरिकेचा लाल जोंधळा. आईच्या वाट्याचं पीठ गावाकडं जाणाऱ्या कुणाच्या तरी हाती नातवंडांना जात होतं. आणि ती काय खाते, असं विचारलं तर ती म्हणायची, ‘मला ह्ये लाल पचत न्हाय बाबा, मी गौराक्काकडं खाल्लं.’ गौरम्मा म्हणजे ईश्वरप्पांची बायको, वरच्या मजल्यावर राहायची. बाई मोठ्या मनाची. देत असेल काहीबाही. जोतीरामनं कधी खोलात जाऊन विचारलं नव्हतं.

पातेलं तसंच हातात होतं. आणि मग त्याला फळीवरची मोरचुदाची पुडी दिसली.

खळीत मोरचूद घालावा लागतो. मैदा म्हणजे अन्न, आणि अन्न म्हटलं की कसर येते, झुरळ येतं, उंदीर येतो. दोन-तीन महिन्यांत पुस्तकाची पाठ फस्त. म्हणून शिजत्या खळीत निळ्या खड्याची पूड टाकायची, म्हणजे खाणारा पुन्हा यायला शिल्लक राहत नाही. आई आली त्याच दिवशी त्यानं तिला बजावलं होतं, “आये, ह्येला हात लावू नगंस. इख हाय ह्ये.” ती दोन पावलं मागं सरली होती आणि म्हणाली होती, “आन् पिठात कालवतुयास?” – काही वाईट अर्थानं नव्हे, नुसतं विचारल्यासारखं. पुढं केव्हातरी त्यानं मोरचूद घालायचंच सोडलं. का? कारणांना काय तोटा! पुडी संपली होती; ईश्वरप्पांना सांगायचं राहून गेलं; सांगितलं तर ते विसरले; आणि खरं सांगायचं तर हात होत नव्हता, शेतकऱ्याचा हात, पिठात विष कालवायला... हे शेवटचं कारण त्याला फार आवडायचं. ते मनाशी म्हटलं की छाती जरा रुंद व्हायची.

पण काल ईश्वरप्पा आले ते हातात मध्यंतरी इथंच बांधलेलं एक पुस्तक नाचवत. कुठल्याशा वाचनालयानं परत पाठवलेलं, पाठीची नुसती जाळी झालेली.

“मोरचूद घालतोस न्हवं जोतीराम?”

“घालतो की, मालक.”

“मग हे किडे काय उपास सोडायला आले होते काय रे?” ईश्वरप्पा रागावले तरी त्यांचा आवाज चढायचा नाही, उलट खाली जायचा. “आणि मैदा लई लागतोय अलीकडं. काय पितोस काय खळ? हे घे. नवी पुडी. माझ्यासमोर घाल.”

त्यांनी सदऱ्याच्या खिशातून पुडी काढून त्याच्या डाव्या हातावर ठेवली. उजव्या हातात ढवळायची दांडी होती. पुढ्यात खळ रटरटत होती. इथवर सगळं लख्ख आठवत होतं, दांडीला पडलेली चीरसुद्धा. आणि तेवढ्यात छापखान्याचा हातगाडा दारात आला, गाडेवाला ओरडला, ईश्वरप्पा ‘अरे कागद मळवशील’ म्हणत बाहेर धावले... आणि मग? मग जोतीराम गाड्यावरचे छापील ताव उचलून आत आणत होता. या दोहोंच्या मधलं काही आठवेना. पुडीचा कागद सोडला होता, बोटाला निळं लागलं होतं – का ते आत्ता, पुडी बघून, आपण लावून घेतोय? त्यानं फळीवरची पुडी उचलली. सुटलेली होती. निम्मी होती. पण ईश्वरप्पांनी दिली तेव्हा भरलेली होती, असं तरी कुणी सांगावं?

तो मागच्या खोलीत गेला. आई नव्हती, टँकरच्या रांगेत घागर घेऊन गेली असणार. वाकळ घडी करून ठेवलेली. जमीन सारवल्यासारखी स्वच्छ. त्यानं कोपऱ्यात, मोरीत, दाराबाहेर बघितलं, काय शोधतोय ते स्वतःला न सांगता. कुठं काही नव्हतं. फळकुटावर एक पेला पालथा घातला होता, धुतलेला, अजून ओला, आणि शेजारी मिठाच्या डब्याचं झाकण नीट बसलेलं नव्हतं.

मीठ... म्हणजे खाल्लंच. का नुसतं झाकण सैल? झाकण सैलच आहे ते, गावाकडूनच सैल आलंय. तेवढ्यात पुढच्या दारात ईश्वरप्पांच्या चपला वाजल्या.

“झाली का खळ?”

खळ करायची म्हणजे आधी मैदा गार पाण्यात कालवायचा, गुठळी राहता कामा नये, मग आधणात सोडायचा आणि हात थांबवायचा नाही. थोड्या वेळानं पांढरेपणा जातो, चकाकी येते, आणि वास सुटतो – शिजत्या पिठाचा वास, ज्याला दुसरं नाव नाही. या वासाशी जोतीरामचं रोजचं भांडण होतं. गावाकडं हा वास म्हणजे कुळथाच्या पिठाचं माडगं. थंडीच्या दिवसांत आई चुलीपुढं बसून पळीनं ढवळायची, गूळ असला तर गूळ नाहीतर मीठ, आणि वाफेमागून तिचा चेहरा मधूनच दिसायचा. पळी जेव्हा थांबायची तेव्हा पहिली वाटी वडलांना, मग याला. मग आलं-गेलं कुणी. तिची वाटी कुठली होती? त्यानं आठवून बघितलं. घरात सहा वाट्या होत्या, सगळ्यांच्या सगळ्या त्याला दिसल्या, एकीचा काठ चेपलेला, एकीवर आजोबांचं नाव. पण आईच्या हातात एकही दिसेना. मडकं कलतं करून बोटानं पुसणारी आई तेवढी दिसली.

“हां, आता घाल,” ईश्वरप्पा शेजारी येऊन म्हणाले.

त्यानं पुडीतला उरलेला मोरचूद खळीत टाकला. निळी पूड आधी वरच राहिली, मग दांडीमागोमाग तिच्या रेघा निघाल्या, रेघांची वर्तुळं, आणि हळूहळू सगळी खळ आजारी माणसाच्या नखांसारखी झाली. जोतीराम टक लावून बघत होता. हा रंग काल बघितला होता का? बघितला असता तर आता ओळखीचा वाटला असता. ओळखीचा वाटत होता. पण काही महिन्यांपूर्वी रोजच तर बघत होता की, तेव्हाचा असेल... दोन्ही बाजूंनी मन इतकं तत्परतेनं साक्ष द्यायला लागलं, की त्याचा दोन्ही साक्षींवरचा विश्वास उडाला.

घड्या मारायला बसला. ईश्वरप्पांकडं सध्या एकच मोठं काम होतं: गावाकडचं जुनं अन्न, जुनी शेती, आणि वाईट दिवसांत माणसं काय खाऊन जगली, याच्यावर कुणा प्राध्यापकांनी लिहिलेलं पुस्तक. दुष्काळात दुष्काळाचंच पुस्तक खपतं, असं ईश्वरप्पांचं म्हणणं. जोतीराम सातवी झालेला, त्यामुळं हात घड्या मारत असताना डोळे वाचत राहायचे; पण घडी पडण्याआधी तावावर पानं सरळ नसतात, एकाशेजारी सोळा, दोनाशेजारी पंधरा, काही डोक्यावर उभी, त्यामुळं वाचलेलं सगळं तुकड्यातुकड्यांनी आत जायचं. पेवातल्या जोंधळ्याचा उग्र वास. चिंचोके भाजून, टरफल काढून दळायचे. अंबाडीची पानं पिठात चेचून भाकरी वाढवायची. पहिल्या पहिल्यांदा त्याला गंमत वाटली होती – आपलं आंबट-खारट कुणी छापतंसुद्धा! – आणि प्राध्यापकाची कुठं चूक सापडते का, हेही त्यानं बघितलं होतं. चूक सापडली नव्हती. माणसानं सगळं नीट विचारून, बघून लिहिलं होतं; कदाचित बसून खाल्लंही होतं.

आजचा ताव नवा होता. घडी मारता मारता एक ओळ त्याच्या बोटाखाली आली. ‘अशा वर्षी घरातल्या वडीलधाऱ्या बायका आपल्या वाट्याचं मुलानातवंडांकडे सारत, आणि कुणी विचारलंच तर पचत नाही असं सांगत. घरातल्या पुरुषांना’ – आणि पान संपलं. पुढचं पान पुढच्या तावात, आणि तो ताव अजून छापखान्यात होता.

जोतीरामला राग आला. याला काय करायचंय? कुणाच्या घरात कोण काय म्हणतं ते छापून, शिवून, पुठ्ठा चढवून विकायचं! पचत नाही म्हणजे पचत नाही. म्हातारं पोट, परदेशी धान्य, गुरांना घालतात म्हणे तिकडं. माझी आई खोटं बोलत नाही. मी तिला सांभाळतो, मी तिला इथं आणली, गावातली किती जणं आपल्या म्हाताऱ्यांना मागं ठेवून निघून गेली... आणि घरातल्या पुरुषांना काय? पुरुषांना काय? त्यानं घडीवर पट्टी इतक्या जोरानं दाबली की कागद चकाकला.

दुपारी गिरणीचा भोंगा झाला तशी बजाबाई फडक्यात भाकरी घेऊन आली. रोज यायची तशीच आली, उंबऱ्याच्या आत न येता बाजूला बसली. जोतीरामनं तिचा चेहरा बघितला; फार दिवसांनी बघितला असावा, कारण गालांची हाडं कधी वर आली ते त्याला कळेना. कातडी कोरडी, ओठ पांढरे. पण ओठ तर सगळ्यांचेच पांढरे, उन्हाळाच तसा.

“बरं हाय न्हवं तुला?”

“मला काय धाड भरलीया?”

“न्हाय, तसं... पोटात बिटात?”

“उनाचं जरा मळमळतंया. टँकर लई वेळानं आला. खा तू.”

मळमळतंय. जोतीरामच्या तोंडातला घास फिरायला लागला. मोरचुदानं पहिल्यांदा मळमळतंच; गावात एकानं द्राक्षबागेच्या औषधातला घेतला होता, त्याला आधी मळमळ, मग ओकाऱ्या, मग तालुक्याला नेताना गाडीतच... विचारायचं. आत्ता विचारायचं: आये, तू खळ खाल्लीस का? पाच शब्द. पण ते शब्द तोंडापर्यंत आले की त्यांच्याबरोबर दुसरंच काहीतरी यायचं. तो लहान असताना पाटलांच्या लग्नात पंगती उठल्यावर आई मोठ्या पातेल्याची खरवड काढत होती, घरी पोरांना न्यायला. कुणीतरी बाई हसली, म्हणाली, बजाबाई, पातेलंबी न्हे की घरला. तेवढंच. त्यानंतर आई कुठल्याच लग्नात जेवली नाही. आहेर करायची, अक्षता टाकायची आणि पाय दुखतात म्हणून परत यायची. त्या बाईनं तर नुसती खरवड बघितली होती. मी तर...

“पातेलं तू घासलंस?” तो म्हणाला.

“व्हय. का, न्हाय निगालं चांगलं?”

“निगालं. त्यात खळ हुती जरा.”

“हुती की,” बजाबाई म्हणाली, आणि फडकं झटकून त्याची घडी घालायला लागली. चौकोनी, मग त्याहून लहान चौकोनी. जोतीराम वाट बघत राहिला. आतून ईश्वरप्पांनी हाक मारली तेव्हा त्याला, लाज वाटावी इतकं, सुटल्यासारखं झालं.

दुपारभर तो मधूनमधून मागच्या खोलीकडं कान देत होता. शेजारच्या बोळातले माग धडाडत होते, त्यात म्हातारीच्या ओकारीचा आवाज काय ऐकू येणार! दोनदा पाणी प्यायच्या निमित्तानं जाऊन आला. ती भिंतीला टेकून डोळे मिटून बसली होती. पहिल्यांदा तिनं डोळे उघडले, दुसऱ्यांदा नाही, पण पदर श्वासाबरोबर हलत होता. पदर हलतोय याची खात्री करून घेत तो दारात उभा राहिला. परत आला तेव्हा शिकंज्यात काल दाबून ठेवलेली पुस्तकं त्याला दिसली. काल पाठीला लावलेली खळ! वाळलेली, पण आहे तर खरी. त्यानं एक पुस्तक ओढून काढलं आणि दारातल्या उजेडात धरलं. पाठ नुसती पिवळट. निळी? निळसर? मैदा वाळला की करडा दिसतोच. ईश्वरप्पा कुठं आहेत ते बघितलं आणि पटकन पाठीला जीभ लावली.

काही कळेना. कागद, सरस, धूळ. पुन्हा लावली. आता धातूसारखं काहीतरी लागलं, पण सकाळपासून तोंडात तीच चव होती, भीतीची, आणि दोरा तोडताना सुई दातात धरायची सवय.

“येनप्पा, काय रे हे!” ईश्वरप्पा मागं उभे. “चाटून वाचायचं पुस्तक आहे काय हे?”

“बगत हुतो मालक, मोरचूद लागतंय का.”

“मग लागतंय का?”

“कळंना.”

ईश्वरप्पा त्याच्याकडं क्षणभर वेड्याकडं बघतात तसे बघत राहिले, मग हसले, आणि अडकित्ता शोधत गादीवर जाऊन बसले. तसे वाईट गृहस्थ नव्हते. त्यांना सांगावं का? मालक, माझी आई तुमची खळ... नाही. जीभ कापून दिली असती पण हे सांगितलं नसतं.

ऊन उतरताना गौरम्मा जिन्यावरून खाली आल्या, हातात केराची सुपली. त्यांना खालच्या सगळ्यांची विचारपूस करायची असायची आणि कुणाचंच उत्तर पुरतं ऐकायचं नसायचं.

“जोतीरामा, तुझी अव्वा लई कष्टाळू बघ. रोज पहाटे मी वरून बघते की, पातेलं घेऊन बसलेली असते. तिला म्हटलं, एवढं घासून घासून भोक पाडशील. आणि शेळी कुठं बांधलाय तुम्ही? दिसली नाही कधी.”

“शेळी?”

“खळ शेळीला घालते म्हणाली. पहिल्याच आठवड्यात विचारलं मी.”

शेळी नव्हती. गावाकडं होती, ती विकली त्यालाही वर्ष होत आलं. आणि जोतीरामचं तोंड, त्याला न विचारता, अगदी सरळपणे म्हणालं, “व्हय अक्का, बोळाच्या कडंला बांधतो. दूध न्हाय देत, पर हाय आपली.”

“आणि रोज जेव म्हणते तर माझ्याकडं एक घास खात नाही बघ. घरी झालंय म्हणते,” असं म्हणत गौरम्मा केर टाकायला गेल्यासुद्धा.

तो तिथंच उभा राहिला. किती सहज आलं ते. नवी बातमी ऐकणारा माणूस असा बोलत नाही. नवी बातमी ऐकणारा आधी दचकतो, शेळी कसली म्हणून विचारतो. दचकायचं राहूनच गेलं होतं. त्याची नजर मोरीकडं गेली. पातेलं घासायचा काथ्या खुंटीला अडकवलेला होता. त्यानं तो काढून हातात घेतला. तो वाळून कडक झाला होता आणि त्याच्या पोकळीत कोळ्यानं घर केलं होतं. कोळ्याला काही एका रात्रीत घर बांधून होत नाही. म्हणजे रोज सकाळी मी पातेलं घासतो, हे मला आठवतंय ते कधीचं? रोज सकाळी मी गटारात खळ ओततो – कधी ओतली? आणि रोज संध्याकाळी खळ उरते कशी, काम तेवढंच असताना? मैदा लई लागतोय अलीकडं... मापटं भरून झाल्यावर आणखी एक मूठ टाकणारा हात कुणाचा होता? आणि मोरचूद नको म्हणणारा?

शेतकऱ्याचा हात! ती छाती रुंद करणारी गोष्ट आता त्याला मनाशीही म्हणता येईना. त्याला माहीत होतं. पहिल्यापासून माहीत होतं, आणि माहीत नसल्यासारखं ठेवायची सोय त्यानं स्वतःच करून घेतली होती – मालकाच्या मैद्यानं, मालकाच्या पुस्तकांच्या पाठींची जाळी करून. आपल्या ताटातली अर्धी भाकरी मात्र त्यानं कधी मोडली नव्हती. पुरुषांना काय, याचं उत्तर आता छापखान्यातून यायची गरज नव्हती.

दिवेलागणीला तो खोलीत गेला तेव्हा बजाबाई शेगडीपुढं बसून भाकरी थापत होती. लाल पीठ कडेला चिरत होतं, ती पाण्याचं बोट फिरवून चिरा बुजवत होती.

“ह्येला इरीच न्हाय,” ती म्हणाली. “मातीवानी सुटतंया.”

“आये, त्या खळीत इख असतं.”

थापण्याचा आवाज थांबला नाही. “नसतं.”

“म्हंजी?”

“आदी आसायचं. मी आले तवा निळसर दिसायची. मंग तू बंद केलंस की. मी काय आंधळी हाय व्हय?”

“काल घातलं आसंल. मला... मला याद न्हाय.”

“काल न्हवतं. असतं तर जिभंला लागलं नसतं का?” ती म्हणाली, आणि म्हटल्यावर तिला कळलं आपण काय बोललो ते. भाकरी तिच्या दोन्ही हातांवर तशीच राहिली.

जोतीराम शेगडीजवळ खाली बसला. नव्हतं, काल नव्हतं, ती मरणार नव्हती, तिला नुसती भूक लागली होती म्हणून मळमळत होतं. त्याला हसू आलं. डोळ्यांत पाणीही आलं असावं, शेगडीचा धूर होता. बजाबाईनं भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं, आणि त्याच्याकडं न बघता, अगदी हळू, कौतुक करताना आवाज व्हायचा तशा आवाजात म्हणाली,

“माज्यासाटीच घालत न्हवतास. ठावं हाय मला. मूठभर जास्तीबी शिजवायचास. मीठ टाकलं की माडग्यावानी लागतंय बग.”

यापेक्षा तिनं तोंडात मारली असती तर बरं. तिच्या हिशेबी हा तिचा लेक होता. न बोलता, तिची लाज राखून, रोज तिच्यासाठी पातेल्यात घास ठेवणारा. ती खोटं बोलत नव्हती आणि तिच्या मनातला हा लेकही काही अगदी खोटा नव्हता. मला माहीत नव्हतं, असं म्हणावं – तर ते खोटं. माहीत होतं म्हणावं – तर मग ताटातल्या भाकरीचा पुढचा प्रश्न येतो, आणि तो प्रश्न ती कधीही विचारणार नव्हती, मरेपर्यंत नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

“आजच्यात हाय,” तो म्हणाला. “मालक हुबं हुते. आता रोजच घालाया लागंल. तवा उद्यापास्नं...”

“बरं,” बजाबाई म्हणाली. भाकरी उलटली, आणि म्हणाली, “शेळीला सांगते मग.”

तिनं ताटली त्याच्यापुढं सरकवली, दोन्ही भाकरी, वर शेंगांची चटणी, शेजारी पाण्याचा तांब्या. “खा. मला ह्ये लाल पचत न्हाय.” तेच शब्द, त्याच सुरात, इतकं सगळं बोलून झाल्यावरसुद्धा. जोतीरामनं मोडून अर्धी तिच्याकडं सरकवायची ठरवली. ठरवलं, आणि ते ठरेपर्यंत हातानं एक तुकडा मोडून, चटणीला लावून तोंडात घातलाही होता. भूक लागली होती. दिवसभर भीतीनं धड खाल्लं नव्हतं आणि आता भीती गेली होती, त्यामुळं भूक अशी उघडीवाघडी पुढं येऊन बसली होती. तो चावत होता. आई त्याच्याकडं बघत होती. त्याचा घास खाली उतरला तसं तिच्याही गळ्याशी काहीतरी हललं आणि खाली गेलं, आणि तिनं घाईनं शेगडीकडं तोंड फिरवलं.

जोतीरामनं दुसरा घास मोडला. तो हातात धरून तो बसून राहिला; कुणाच्या तोंडाकडं न्यायचा, हे त्या हाताला ठरवता येईना.